एकवीस ग्रंथांची यादी

माझे बाबा ज्या चिकूच्या वाडीत कामाला आहेत, त्या वाडीच्या मालकांच्या आईला आम्ही सारेच शेठाणी म्हणतो. शेठाणी रोज सकाळी ओट्यावर उभी राहून कमरेची कुस्ती सोडते आणि पुन्हा बांधते. कुस्ती म्हणजे पहिलवानांची नव्हे! पांढऱ्या लोकरीच्या बारीक धाग्यांची विणलेली ती एक दोरी असते. ती बांधताना शेठाणीचे ओठ भरभर हलत असतात. लहानपणी आजीचे बोट धरून मी वाडीत जायची, तेव्हा मला या गोष्टीचे फार नवल वाटायचे. ते शब्द मराठी नव्हते, गुजराती नव्हते, आणि आमच्या वारली बोलीतले तर नव्हतेच नव्हते. एकदा मी आजीला विचारले, "ती कोणाशी बोलते?" आजी म्हणाली, "देवाशी बोलते. मधे बोलू नये."

आजीला हे कळणे साहजिकच होते, कारण माझी आजी स्वतः धवलेरी आहे. आमच्या भागातल्या विद्यार्थ्यांना धवलेरी म्हणजे कोण हे सांगायला नको. परंतु बाहेरगावाहून आलेल्या प्राध्यापकांसाठी सांगते. आमच्या रीतीच्या लग्नात भटजी नसतो. भिंतीवर चौक लिहिला जातो आणि धवलेरी गाणी म्हणून लग्न लावते. तिची गाणी झाली नाहीत तर लग्न झाले असे जुनी माणसे मानत नाहीत. ही गाणी कुठल्याही पुस्तकात पाहून म्हणत नाहीत. आजीला तर अक्षरओळखच नाही. आई-बाबांना सहीपुरते येते. कॉलेजची पायरी चढलेली आमच्या घरातली मी पहिलीच.

हे सगळे प्रास्ताविक करण्याचे कारण असे की, या वर्षी इतिहासाच्या प्रकल्पासाठी सरांनी प्रत्येकाला एकेक प्राचीन संस्कृती वाटून दिली, त्यात माझ्या वाट्याला इराण आला. वर्गात सगळे हसले. कोणाला इजिप्तचे पिरॅमिड मिळाले होते, कोणाला रोम. मला मात्र एकदम शेठाणीचा ओटा आठवला. इराणी लोक तर आमच्या शेजारी राहतात! गेल्या दीडशे वर्षांत यझ्द आणि किरमान या भागांतून येऊन डहाणू-घोलवडच्या परिसरात वाड्या करणारी किती तरी झरथुष्ट्री कुटुंबे आहेत. मग ग्रंथालयात जाण्याआधी मी वाडीतच गेले.

शेठाणीने कपाटातून एक लहानसे पुस्तक काढले. ते खोर्देह अवेस्ता, म्हणजे रोजच्या प्रार्थनांचे पुस्तक होते आणि गुजराती अक्षरांत छापलेले होते. मी विचारले, "हाच तुमचा धर्मग्रंथ का?" ती म्हणाली, "हे उरलेलं आहे, पोरी. असे एकवीस ग्रंथ होते." मग तिने 'यथा अहू वइर्यो' ही प्रार्थना बोटांच्या पेरांवर एकेक शब्द मोजत म्हणून दाखवली. बरोबर एकवीस शब्द भरले. "एकेका शब्दाचा एकेक ग्रंथ. त्यांतला एक पुरा राहिला. बाकीचे गेले."

"कुठे गेले?"

"सिकंदराने जाळले, असं आमचे दस्तूर सांगायचे," शेठाणी म्हणाली आणि पुस्तकाला कपाळ लावून तिने ते परत कपाटात ठेवले.

वाचकहो, माझा प्रकल्प खरे म्हणजे तिथेच सुरू झाला. पिरॅमिड, रथ, राजवाडे हे सगळे बाजूला राहिले आणि मी त्या गेलेल्या वीस ग्रंथांच्या मागे लागले.

विश्वकोशाचा जाड खंड आणि ग्रंथपालांनी शोधून दिलेली दोन-चार इंग्रजी पुस्तके घेऊन मी महिनाभर बसले. इंग्रजी वाचताना एकेका पानाला अर्धा तास लागत होता. पण हळूहळू चित्र दिसू लागले. इराणवर ससानी राजांचे राज्य होते (इ.स. २२४ ते ६५१), त्या काळात अवेस्तेचे २१ भाग मानले जात. प्रत्येक भागाला नस्क म्हणत. सात-सात नस्कांचे तीन गट होते. पहिला गट झरथुष्ट्राच्या गाथांभोवतीचा, दुसरा मंत्र-विधींच्या अंगाने जाणारा आणि तिसरा कायद्याचा. दामदाद नस्कात सृष्टी कशी उत्पन्न झाली ते होते. स्पंद नस्कात झरथुष्ट्राचे चरित्र होते. चिह्रदाद नस्कात मानवजातीची आणि इराणच्या राजांची वंशकथा होती. प्रत्येक नस्काला पहलवी भाषेत केलेले भाषांतर आणि विवरण जोडलेले असे, त्याला झंद म्हणत.

यांपैकी आज हाती आहे ते सुमारे एक चतुर्थांश, असे अभ्यासक मानतात. यस्न हा ७२ अध्यायांचा पूजाविधी आहे. शेठाणीच्या कुस्तीत ७२ धागे असतात ते याच ७२ अध्यायांचे, हे मला पुस्तकात वाचून कळले, आणि ज्या दोरीचे मला लहानपणी नवल वाटत होते तिचा अर्थ इतक्या वर्षांनी उलगडला! या यस्नाच्या पोटात झरथुष्ट्राच्या गाथांची १७ सूक्ते आहेत. ती सर्वांत जुनी. यस्न म्हणजे आपला यज्ञच. तिथला हओम म्हणजे वेदातला सोम, हप्त म्हणजे सप्त, मिथ्र म्हणजे मित्र. आमच्या संस्कृतच्या बाईंना मी हे शब्द दाखवले तेव्हा त्यांनी तास थांबवून ते फळ्यावर लिहिले. यस्नाशिवाय विस्पेरद, यश्त, रोजच्या प्रार्थना आणि वंदीदाद एवढे उरले आहे. शेठाणी म्हणाली तो 'पुरा राहिलेला एक' म्हणजे हाच वंदीदाद.

आता प्रश्न असा की, बाकीचे गेले कसे?

सिकंदराची गोष्ट शेठाणीने मनाने रचलेली नव्हती. पहलवी भाषेतल्या 'अर्दा विराफ नामग' या ग्रंथात ती आहे. बैलाच्या कमावलेल्या कातड्यांवर सोन्याच्या शाईने लिहिलेली अवेस्ता इस्तखरच्या दफ्तरखान्यात ठेवलेली होती आणि सिकंदराने ती जाळली, अशी ती कथा आहे. सिकंदराने इ.स.पू. ३३० मध्ये पर्सेपोलिसचा राजवाडा जाळला हा तर इतिहासच आहे. मी मोठ्या आवेशाने हे सगळे लिहून सरांकडे नेले. मथळाही जोरदार दिला होता, 'सिकंदराने जाळलेले ज्ञान'!

सरांनी वही वाचली आणि एकच प्रश्न विचारला. "त्या काळी अवेस्ता लिहायला लिपी होती का?"

मी गप्प. परत ग्रंथालयात आले. शोधता शोधता कळले की, अवेस्तेची लिपी तयार झाली ती ससानी काळात, म्हणजे सिकंदरानंतर सातशे-आठशे वर्षांनी. पहलवी लिपीत अक्षरे थोडी आणि एकेका अक्षराचे उच्चार अनेक. मंत्राचा एकही स्वर बदलता कामा नये, म्हणून मोबेदांनी मुद्दाम पन्नासाहून अधिक अक्षरांची नवी लिपी घडवली. त्याआधी शेकडो वर्षे अवेस्ता राहिली ती तोंडपाठ, बापाकडून मुलाकडे, गुरूकडून शिष्याकडे. सिकंदराच्या काळी ती लिहिलेली होती असा पुरावा सापडलेला नाही.

मग सिकंदराने जाळले तरी काय? त्याच जुन्या कथेत पुढे आणखी एक वाक्य येते, त्याकडे पहिल्या वाचनात माझे लक्षच गेले नव्हते. त्याने अनेक दस्तूर, मोबेद आणि न्यायाधीश मारले, असे तिथे म्हटले आहे. हे वाचून मी पुस्तक मिटून बसले. ग्रंथ जर माणसांच्या मुखात असेल, तर माणूस मेला की ग्रंथ गेला. त्याला वेगळी आग लावावी लागत नाही.

परंपरा असेही सांगते की, जे विखुरले होते ते पुन:पुन्हा गोळा केले गेले. पार्थियन राजा वलख्श याने लेखी आणि तोंडी जे काही शिल्लक असेल ते जपून ठेवण्याची आज्ञा केली. पहिल्या अर्दशिराने हे काम तन्सर नावाच्या दस्तुरावर सोपवले. पहिल्या शापुराने हिंद आणि रूम देशांत पांगलेले वैद्यक नि ज्योतिष यांवरचे लेखन परत आणवले. दुसऱ्या शापुराच्या काळात आदुरबाद मारस्पंद याने आपला पाठ खरा असल्याचे दाखवण्यासाठी छातीवर वितळलेला धातू ओतून घेतला! यातले किती इतिहास आणि किती श्रद्धा हे विद्वान ठरवोत. मला एवढेच दिसले की, हरवणे आणि शोधणे हे या ग्रंथांच्या नशिबी पहिल्यापासून होते.

पण मग शेवटचे हरवणे? तेव्हा तर लिपी होती, पोथ्या होत्या, २१ नस्क मांडून तयार होते. इ.स. ६५१ मध्ये शेवटचा ससानी राजा यझ्दगर्द मारला गेला आणि इराणवर अरबांचे राज्य आले. मला वाटले होते, आता कुठेतरी एक मोठी होळी वाचायला मिळेल. तसे झाले नाही. नस्क एका दिवसात गेले नाहीत, ते शतकांमागून शतके झिजत गेले. राज्य गेले, त्याबरोबर मोबेदांना मिळणारा आधार गेला. झरथुष्ट्री कायद्याने न्याय देणारी राजाची न्यायालये गेली, तेव्हा कायद्याचे नस्क उघडण्याचे काम कमी कमी होत गेले. गावेच्या गावे नव्या धर्मात गेली. पहलवी वाचणारे कमी झाले. पोथी नष्ट करायला ती जाळावी लागत नाही. तिची नवी नक्कल कोणी केली नाही की पुरे. कसर आणि ओल बाकीचे काम करतात.

यात एक गोष्ट माझ्या फार मनात भरली. वंदीदाद हा मुळात कायद्याच्या गटातला नस्क. त्याचे सहा भाऊ गेले, कुठे कुठे तुकडे तेवढे उरले. आणि हा एकटा पुरा राहिला. का? तर वंदीदादाचे पठण पूजाविधीत होऊ लागले होते. मध्यरात्रीनंतर सुरू करून पहाटेपर्यंत तो यस्न-विस्पेरदाच्या जोडीने म्हटला जातो. मोबेदाला तो लागत होता, म्हणून त्याच्या नकला होत राहिल्या. आज उरलेली अवेस्ता एकूण पाहिली तर ती जवळजवळ सगळी अशीच आहे. जे म्हटले जात होते ते राहिले. जे नुसते ठेवलेले होते ते गेले.

आता कोणी विचारील, गेलेल्या ग्रंथांत काय होते हे तुला कसे कळले? यातच या साऱ्या कथेतली, मला वाटते, सर्वांत मोठी गोष्ट आहे.

इसवी सनाच्या नवव्या-दहाव्या शतकात, खलिफांच्या अमलात, काही झरथुष्ट्री दस्तुरांनी 'देनकर्द' नावाचा ग्रंथ पहलवीत रचला. आदुरफर्नबग आणि आदुरबाद अशी त्यांच्यातल्या दोन प्रमुखांची नावे. डोळ्यांदेखत समाज ओसरत होता. त्यांनी देनकर्दच्या आठव्या भागात एकेका नस्काचे नाव घेऊन त्यात काय काय आहे ते लिहून काढले आणि नवव्या भागात त्यांतल्या तिघांचा सविस्तर सारांश दिला. मूळ ग्रंथ पुढे गेले. राहिली ती ही यादी. म्हणून तर आज आपल्याला माहीत आहे की, कायद्याच्या एका नस्कात चोरांविषयी मजकूर होता, योद्ध्यांविषयी प्रकरण होते, आणि एक प्रकरण खास मेंढपाळाच्या कुत्र्यावर होते! हजार वर्षांपूर्वी गेलेल्या ग्रंथात कळप राखणाऱ्या कुत्र्याला जागा होती, हे वाचून मला आमच्या पाड्यावरची कुत्री आठवली आणि त्या न पाहिलेल्या ग्रंथाविषयी एकदम जवळीक वाटली.

त्या यादीत वश्तग नावाचा एक नस्क आहे. त्याच्याविषयी देनकर्दकारांनी एवढेच नोंदवले आहे की, याचा मूळ पाठ किंवा झंद कोणत्याही दस्तुराकरवी आमच्यापर्यंत पोहोचला नाही. नादर नस्काविषयी म्हटले आहे की, झंद पोहोचला नाही, मूळ पाठ मात्र म्हटला जातो आहे. बस्स! म्हणजे एकवीसांपैकी काही तर यादी करणाऱ्यांच्या वेळीच गेले होते. त्यांना ते नाव गाळता आले असते. इकडून तिकडून चार वाक्ये जुळवून तिथे भरताही आली असती. तपासायला कोण येणार होते? त्यांनी दोन्ही केले नाही. नाव ठेवले, जागा ठेवली आणि 'आले नाही' असे लिहून ते पुढच्या नस्काकडे गेले.

दैव असे की, खुद्द देनकर्दचेही पहिले दोन भाग आणि तिसऱ्याचा आरंभ आज हरवलेला आहे. हरवल्याची यादी राखणाराही पुरा राहिला नाही! त्याची १६५९ सालची महत्त्वाची हस्तलिखित प्रत अठराव्या शतकात इराणातून सुरतेला आली आणि पुढे आपल्या मुंबईतल्या के. आर. कामा ओरिएंटल इन्स्टिट्यूटच्या संग्रहात जमा झाली. पेशोतन संजाना आणि त्यांचे चिरंजीव दाराब संजाना यांनी १८७४ ते १९२८ या काळात देनकर्द १९ खंडांत मुंबईत छापून काढला. आमच्या कॉलेजपासून गाडीने काही तासांच्या अंतरावर ही प्रत आहे, आणि मला ते दोन महिन्यांपूर्वीपर्यंत ठाऊक नव्हते.

उरलेली अवेस्ता राखण्यात आपल्या या पश्चिम किनाऱ्याचा वाटा मोठा आहे. इराणातून आलेला मेहेरबान कैखुसरो हा लेखक १३२३ साली खंबायतला बसून यस्नाच्या नकला करीत होता. त्या प्रती आजच्या सर्वांत जुन्या अवेस्ता-पोथ्यांत मोडतात. त्याच्याही आधी नेर्योसंग धवल याने यस्नाचे संस्कृतात भाषांतर केले. १७५८ मध्ये आंकतील द्युपेराँ नावाचा तरुण फ्रेंच सुरतेला आला, दस्तुरांपाशी शिकला आणि १७७१ मध्ये त्याने अवेस्तेचे भाषांतर पॅरिसला छापले. तेव्हा संस्कृतचे पुढे प्रसिद्ध झालेले विल्यम जोन्स यांनी ते खोटे ठरवले. इतका थोर ज्ञाता असले नीरस बोलेल काय, असा त्यांचा रोख होता. पुढे रास्क या डॅनिश पंडिताने भाषेच्या पुराव्याने अवेस्तेचे प्राचीनत्व सिद्ध केले, आणि १८३३ मध्ये ब्युर्नुफ या फ्रेंच पंडिताने यस्नाचा अर्थ लावला तो नेर्योसंगाच्या संस्कृत भाषांतराच्या आधाराने. एका मोबेदाने कधीकाळी केलेले काम असे उपयोगी पडले!

डिसेंबरात आमच्या शिबिराची सहल बोर्डीजवळच्या बाहरोटच्या डोंगरावर गेली. 'किस्सा-इ-संजाण' या १६०० सालच्या फारसी काव्यात सांगितले आहे की, सुलतानाच्या फौजेने संजाण घेतल्यावर पारशांनी आपला पवित्र अग्नी, इराणशाह, या डोंगरावर आणून बारा वर्षे राखला. तोच अग्नी पुढे वांसदा, नवसारी असा फिरत १७४२ मध्ये उदवाड्याला आला आणि आजही तिथे प्रज्वलित आहे. वर खडकात कोरलेल्या गुहा आहेत. मुले फोटो काढत होती. मी आत जाऊन उभी राहिले. गुहेत काही नव्हते. मनात आले, या चढणीवरून त्यांनी जळता अग्नी कसा आणला असेल? आणि मग उत्तरही सुचले. अग्नीला विसरता येत नाही. दिवसाच्या पाचही प्रहरांना त्याच्यापाशी जावे लागते, लाकूड घालावे लागते. एक दिवस आळस केला तर तो विझतो, हे सगळ्यांना ठाऊक असते. पोथी मात्र विझताना दिसत नाही. ती कपाटात असते आणि आपल्याला वाटते, आहे!

आता आजीकडे वळते.

धवलेरी सहसा एकटी गात नाही. एकीने ओळ टाकायची, दुसरीने झेलायची. माझ्या आजीची जोडीदारीण पलीकडच्या पाड्यावरची होती. दोघींनी मिळून किती लग्ने लावली याची मोजदाद नाही. दोन पावसाळ्यांपूर्वी ती वारली. त्यानंतर गेल्या वैशाखात आमच्या नात्यातले एक लग्न होते. मी मोबाईल घेऊन आजीजवळ बसले होते, ध्वनिमुद्रण करावे म्हणून. बाहेर मांडवात मोठ्या पेट्यांवर सिनेमाची गाणी चालू होती. आजी गात गात एका ठिकाणी आली आणि थांबली. नवरीच्या आईकडे पाहून म्हणाली, "इथलं तिचं होतं. मला आलं नाही." मग थोडा वेळ गप्प राहून तिने पुढचे उचलले.

मला त्या वेळी रागच आला होता. घरी येताना मी आजीला म्हटले, "दुसरं काहीतरी म्हणायचं होतं. कोणाला कळलं असतं?"

आजी म्हणाली, "मला कळलं असतं."

मी ते बोलणे तेव्हाच विसरून गेले. पण ऑगस्टमध्ये ग्रंथालयाच्या त्या कोपऱ्यात वश्तग नस्काची नोंद वाचताना माझ्या अंगावर काटा आला. हजार-अकराशे वर्षांपूर्वीचे बगदादकडचे ते विद्वान दस्तूर आणि डहाणू तालुक्यातली निरक्षर आजी एकच बोलत होती!

इथे मला एक कबुली दिली पाहिजे. मी दहावीत असताना आजीने मला दोनदा सांगितले होते, "माझ्या मागे बसत जा. ऐकून येतं." मी बसले नाही. अभ्यास आहे म्हणाले. खरे सांगायचे तर मला लाज वाटत होती. हायस्कुलातल्या मैत्रिणींनी विचारले तर आजी 'लग्नात गाते' एवढेच मी सांगत असे. आईला शिकायचे होते; पण वाडीतल्या कामातून तिला कधी फुरसत मिळाली नाही. आज आजीच्या मागे कोणी नाही. आमच्या घराण्यातल्या त्या गाण्यांना ना सिकंदर भेटला, ना कोणाची फौज. मी दहावीचा अभ्यास करीत होते, एवढेच झाले.

प्रकल्प पुरा झाल्यावर मी शेठाणीला भेटले. तिला सांगितले की, हल्लीचे अभ्यासक सिकंदराच्या गोष्टीवर फारसा भरवसा ठेवत नाहीत. ती जरा वेळ कुस्तीच्या गाठीशी बोटे खेळवत राहिली. मग म्हणाली, "मग कोणी जाळलं?"

मी म्हटले, "पुष्कळसं कोणीच नाही. म्हणायचं राहून गेलं."

"राग धरायला सिकंदर बरा होता," शेठाणी म्हणाली. तिच्या मुलीची मुले कॅनडात असतात. त्यांना यथा अहू वइर्यो येते का, असे मी विचारणार होते, विचारले नाही.

मित्रहो, माझ्या मोबाईलमध्ये आजीचे चाळीस मिनिटांचे गाणे आहे. सरांनी त्याची आणखी एक प्रत संगणकावर ठेवून दिली. पण ते गाणे मोबाईलला येते, मला येत नाही. लग्नघरी चौकासमोर कोणी तरी बसून म्हणावे लागते. म्हणून दिवाळीपासून मी रोज रात्री जेवणे झाल्यावर आजीसमोर बसते. ती ओळ टाकते, मी झेलते. माझा स्वर चुकला की ती हाताने मांडीवर मारते आणि पहिल्यापासून म्हणायला लावते. आतापर्यंत तीन गाणी आली आहेत. तिसरे अजून कच्चे आहे.

देनकर्दकारांचे पाहून मी एक वहीही केली आहे. कोणते गाणे केव्हा म्हणायचे, कशानंतर कोणते येते, कोणते कोणाकडून आले, हे आजीला विचारून तिच्यात लिहिते. सगळी मिळून किती हे आजीला आकड्यात सांगता येत नाही. एकातून दुसरे निघते तसे ती सांगत जाते. वहीत मधे एक पान आले ते तिच्या जोडीदारणीचे. आजीला त्याची पहिली ओळही नीट आठवत नाही. मी विचारले, "हे पान सोडून पुढे लिहू का?" आजीने नको म्हटले. म्हणाली, तिचे नाव लिही.

मी त्या पानावर त्या बाईचे नाव लिहिले. खाली लिहिले, 'इथे हिचे गाणे होते. ते आमच्यापर्यंत आले नाही.' बाकीचे पान कोरे ठेवले आहे. फाल्गुनात आमच्या पाड्यावर लग्न आहे. आजीने नवरीच्या घरी सांगून ठेवले आहे की, या वेळी दोघी येऊ.